गावाचा मेळ, अक्काचा उंबरा

माझ्यावर सगळ्यांत जास्त उपकार अक्काचे आहेत. हे वाक्य मी आधीच लिहून टाकतो, कारण एकदा भर सभेत ते बोलायची वेळ आली होती आणि तेव्हा मी दुसरंच काहीतरी बोललो होतो.

अक्का नात्याने माझी कोणी नाही. सावद्याजवळच्या आमच्या खेड्यात तिचं घर आमच्या घरासमोर आहे, एवढाच संबंध. तिचं माहेर धुळ्याकडचं. लग्न होऊन आमच्याकडे येऊन तिला चाळीस वर्षं झाली, तरी तिचं अहिराणी, 'आहे'ला 'शे' आणि 'सगळा'ला 'बठ्ठा' म्हणणं, गेलं नाही. आमच्या भागाची बोली निराळी, त्यामुळे गावात ती कायम 'धुळ्याकडची'च राहिली. नवरा लवकर गेला, मूलबाळ नाही. तीन एकर केळी ती एकटीने सांभाळायची आणि गावात ज्या गोष्टीवर सगळ्यांचं एकमत होई तिच्याबद्दल तिचं मत हमखास उलटं असे. यंदा पाऊस चांगला झाला असं चार माणसं म्हणाली की ती म्हणायची, "चांगला कसाना? मन्हा बांध फुटना."

मी तेव्हा बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला होतो. म्हणजे दोन वर्षं शेवटच्याच वर्षाला होतो. बाकी सगळे विषय सुटले होते, अर्थशास्त्राचा एक पेपर दोनदा राहिला होता. आमच्या घरात माझ्याआधी कोणी कॉलेजची पायरी चढलं नव्हतं. वडील केळी कापणाऱ्या टोळीत होते. उभ्या झाडावरून घड असा उतरवायचा की एकाही केळाला ओरखडा पडता कामा नये, मग तो खांद्यावर घेऊन वाफ्यातून ट्रकपर्यंत न्यायचा, हे काम त्यांनी जन्मभर केलं. त्यांनी मला कधी शिव्या दिल्या नाहीत. दुसऱ्यांदा नापास झालो तेव्हा फक्त म्हणाले, "तिसऱ्यांदा पण पाहू भो. नाही झालं तर मुकादमाशी बोलून ठेवलंय, टोळीत ये. तिथं पेपर नसतो." ते समजूत घालत होते. मला मात्र त्या रात्री झोप लागली नाही. तिसरा प्रयत्न उन्हाळ्यात होता आणि तो शेवटचा होता, हे घरात सगळ्यांना समजलं होतं.

त्याच उन्हाळ्यात आमच्या गावाला मेळ लागला.

ज्यांनी हे पाहिलं नाही त्यांना समजावून सांगणं कठीण आहे, तरी प्रयत्न करतो. होळी झाली की आमच्याकडे उडदाचे पापड सुरू होतात. आज हिच्या घरी, उद्या तिच्या घरी अशा पाळ्या लावून गल्लीतल्या बायका पोळपाट-लाटणं घेऊन जमतात. त्या दिवशी पापड आमच्या घरी होते. पंधरा-सोळा बायका गोल करून बसल्या होत्या. एकीच्या मनात आलं की घरून निघताना आपण किल्ली कुठे ठेवली. तिने तोंडातून शब्द काढला नव्हता. समोरची लाटता लाटता म्हणाली, "तांदळाच्या डब्यात." दोघी हसल्या. मग तिसरीच्या नवऱ्याबद्दल तिच्या मनात जे आलं त्याला सगळ्या हसल्या. दुपारपर्यंत त्या पंधरा-सोळा जणी एक शब्द न बोलता पापड लाटत होत्या आणि मधूनच एकदम खदखदून हसत होत्या. पापड मात्र कधी नव्हे इतके सारखे गोल झाले.

संध्याकाळी रिवाजाप्रमाणे उरलेल्या पिठाच्या लाट्या तेलात बुडवून घरोघरी गेल्या. कच्च्या पिठाच्या त्या लाट्या आमच्याकडे लहानमोठे सगळेच आवडीने खातात. मेळ लाट्यांमधून पसरला की हवेतून, हे मी सांगू शकत नाही. मी अर्थशास्त्राचा पदवीधर आहे. इतकं खरं की तीन दिवसांत जेमतेम चारशे वस्तीच्या आमच्या गावात सगळ्यांचं मिळून एकच मन झालं.

ते दिवस सोन्याचे होते असं गावात अजून म्हणतात, आणि मी त्यांना खोटं पाडणार नाही. भांडण म्हणून नावाला उरलं नाही, कारण समोरचा असं का वागला हे आतूनच कळायचं. चुगल्या बंद पडल्या, कारण पाठीमागे असं कोणी राहिलंच नव्हतं. ग्रामसभा चार मिनिटांत संपली. पाणी, रस्ता, शाळेची भिंत, सगळे ठराव एकमताने मंजूर झाले. पुढे त्यांतलं काहीच झालं नाही, कारण प्रत्येकाला आतून वाटत होतं की ते काम चालूच आहे. सार्वजनिक नळ बंद करायला हवा हे चारशे जणांना एकाच वेळी आठवायचं आणि चारशे जणांना एकाच वेळी वाटायचं की कोणीतरी निघालंच असेल. नळ रात्रंदिवस वाहत राहिला. एका म्हाताऱ्याची दाढ ठणकायला लागली तर सगळं गाव गाल धरून बसलं. सावद्याच्या डॉक्टरांनी दाढ एकाची उपटली, चुळा सगळ्यांनी भरल्या.

माझी अडचण निराळी होती. मी पुस्तक उघडलं की माझ्याबरोबर सगळं गाव वाचू लागायचं. मागणीचा नियम वाचला. वस्तूची किंमत कमी झाली की तिची मागणी वाढते. वाक्य संपायच्या आत डोक्यात चारशे माणसं उसळली. भाव पडला की मागणी वाढते? मग गेल्या साली भाव पडला तेव्हा घड वाफ्यात का सडले? ट्रकवाला फिरकला तरी का? ज्याने हे पुस्तक लिहिलं त्याने कधी केळी लावली होती का? मी पुस्तकाच्या बाजूने बोलू पाहायचो, पण चारशे विरुद्ध एक असा निकाल लागायचा, आणि त्या चारशेंमध्ये माझे वडीलही होते. आठवड्याभरात अशी स्थिती झाली की पुस्तकातली एक ओळ मला पुस्तकात होती तशी आठवेना. आठवायचं ते गावाचं म्हणणं. ते खरंही असेल, पण परीक्षक गावचे नव्हते.

अक्का मेळात नव्हती. त्याचं कारण पापडच होते. आठ वर्षांपूर्वी असंच पापड लाटताना आई चारचौघींत बोलून गेली होती की अक्काचं पीठ सैल असतं. त्या दिवसापासून अक्का कोणाच्या पापडांना गेली नाही आणि तिच्या पापडांना कोणी आलं नाही. ती घरात एकटीच जाडजाड पापड लाटायची. आता मेळ लागल्यावर सगळ्या गावाला कळलं की आईला त्या बोलण्याचा आठ वर्षं पश्चात्ताप होतोय. आईलाही ते तेव्हाच नीट कळलं. तिने वाटीभर लाट्या दिल्या आणि मला समोर पिटाळलं.

मी अक्काच्या उंबऱ्यावर पाय ठेवला आणि डोक्यातला गलबला बंद झाला. पिठाची गिरणी थांबल्यावर कानात जशी शांतता होते तशी. मी वाटी धरून तिथेच उभा राहिलो.

"काय शे ते?" अक्का आतून म्हणाली.

"आईने लाट्या पाठवल्यात."

"परत ली जाय. सैल पीठनी बाईले कसाले लाट्या?"

"अक्का, आईच्या मनात तसं काही नाही आता. आम्हा सगळ्यांना माहीत आहे."

"बठ्ठास्ले माहीत शे, मले नही. तिले सांग, तोंडघाई सांग म्हणा." म्हणजे आईने स्वतःच्या तोंडाने येऊन सांगावं. आई काही गेली नाही. मनातलं गावाला कळल्यावर तोंडाने बोलायची तिची सवय मोडली होती.

मी वाटी खाली ठेवली आणि म्हणालो, "अक्का, मी इथे जरा वेळ वाचत बसू का?"

"तुन्हं घर पडनं का?"

"घर आहे. पण तिथे सगळे असतात."

तिने माझ्याकडे नीट पाहिलं आणि कोपऱ्यातला पाट पायाने माझ्याकडे सरकवला. त्या दिवसापासून महिनाभर मी तिच्या घरात अभ्यास केला. तिला वाचता येत नव्हतं. ती पापड लाटायची आणि मी मोठ्याने म्हणून दाखवायचो. मधेच चुकून मी गावाचं म्हणणं सांगू लागलो की लाटणं थांबायचं. "पुस्तकमा काय लिखेल शे ते सांग. गाव काय म्हणस ते मी बाहेर ऐकस." मग मी पुन्हा पुस्तकावर यायचो. कौतुक तिने एकदाही केलं नाही. एकच उत्तर तिसऱ्यांदा चुकलं की म्हणायची, "बैलबी तीनदा सांगं म्हणजे वळस." मेळात मला कोणी असं बोलत नव्हतं. तिथे सगळ्यांना माझ्याबद्दल फार माया होती, आणि त्या मायेत मला काय येतं आणि काय येत नाही याचा पत्ताच लागत नसे.

मी रोज तीन-चार तास मेळातून नाहीसा होतो हे गावाला जाणवत होतं. पडलेल्या दाताच्या खळीत जीभ जशी जाते तसं सगळं गाव माझ्या जागेशी येऊन चाचपडायचं. शेवटी एक दिवस नाना आले. नाना म्हणजे गावातले सर्वांत जाणते गृहस्थ. मेळ लागल्यापासून तेही बोलायचे बंद झाले होते, पण माझ्यासाठी मुद्दाम तोंड उघडून बोलले.

"अरे भो, तू त्या धुळ्याकडचीच्या घरात काय करतो?"

"अभ्यास, नाना."

"एका डोक्याने किती करशील? इथं चारशे डोकी आहेत. आमी सगळे येतो ना पेपरला."

"नाना, पेपरला एकट्याने बसायचं असतं."

"तो जुना कायदा झाला," नाना म्हणाले.

मी हात जोडले. ते मनापासून सांगत होते, हे मला त्यांच्या आतून दिसत होतं. शेवटी तडजोड झाली. पेपरच्या दिवशी दहा ते एक गावाने काहीही विचार करायचा नाही. सगळ्यांनी मारुतीच्या पारावर येऊन बसायचं, कामधंदा बंद, डोकं रिकामं. चार मिनिटांत ठराव मंजूर झाला.

पेपर जळगावला होता. सकाळच्या एस.टी.त मी चढलो तर अक्का आधीच पुढच्या सीटवर बसलेली, मांडीवर पिशवी, हातात छत्री.

"अक्का, तू कुठे?"

"जयगावले. डोयास्ना डॉक्टरकडे." आणि लगेच कंडक्टरला, "हाई गाडी शे का बैलगाडी?"

हॉलमध्ये मी बसलो. पहिला तास मी कधी विसरणार नाही. तिथून कितीतरी मैलांवर चारशे माणसं माझ्यासाठी विचार न करता बसली होती आणि त्यांचं ते बसणं मला कळत होतं. तान्ही मुलंसुद्धा गप्प होती. माझ्या गावाने माझ्यासाठी इतकं केलं. पहिला प्रश्न मागणीच्या नियमाचाच होता. मी पुस्तकात आहे तसा लिहिला. पारावर कुणाच्या तरी कपाळाला आठी पडली, पण तो माणूस गप्प राहिला.

साडेअकराच्या सुमाराला हॉलमधली वीज गेली. पंखे थांबले. दोनेक मिनिटांनी परत आली, पंखे कुरकुरत फिरायला लागले. आणि त्याच क्षणी माझ्या डोक्यात, चारशे गळ्यांनी ओरडल्यासारखं, एकच वाक्य घुमलं. लाईट आली!

केळीच्या भागात न राहिलेल्याला या वाक्याचं वजन कळणार नाही. उन्हाळ्यात शेतातल्या मोटरला वीज कधी येईल आणि कधी जाईल याचा नेम नसतो. आठ तास म्हणतात, त्यातले दोन मिळतात. केळीला तीन दिवस पाणी चुकलं तर घड हाती लागत नाही. म्हणून आमच्याकडे जेवणाच्या ताटावरून, मयताच्या घरातून, मुंज चालू असताना मुंजा सोडून, माणूस या एका वाक्याला उठतो. उठल्यावर विचार करतो. आता मोबाईलवरून मोटर सुरू होते, पण त्या काळी धावतच जावं लागे. मीही उठलो. पेन बाकावर ठेवलं आणि दाराकडे चालू लागलो.

"अहो, कुठे निघालात?" पर्यवेक्षकांनी विचारलं.

"लाईट आली, सर."

"हो, आली ना. बसा आता."

"मोटर चालू करायची आहे."

त्यांनी माझ्याकडे पाहिलं, माझ्या घामाकडे पाहिलं, आणि त्यांना वाटलं ऊन लागलं. भले गृहस्थ होते. शिपायाला म्हणाले, "याला जरा पाणी पाजून आण." नाहीतर माझी पदवी तिथेच संपली असती.

बाहेर नळाजवळ लिंबाच्या झाडाखाली अक्का पिशवीवर बसली होती. डोळ्यांचा डॉक्टर आसपास कुठे दिसत नव्हता. मी नळाशी थांबलोच नाही, फाटकाकडे निघालो. शिपाई मागून "अहो, अहो" करत होता.

"कोठे चालना?" अक्का म्हणाली.

"लाईट आली, अक्का. मोटर..."

"कोनी मोटर?"

मी थांबलो. आमच्याकडे शेत नव्हतं. मोटर नव्हती. वडील दुसऱ्याच्या वाफ्यातली केळी कापायचे. माझ्या सात पिढ्यांत कोणी मोटर सुरू केली नव्हती.

अक्का छत्री टेकून उठली. "मोटर तठे, तू आठे. आनि ती तुन्ही बी नही. अरे, तू काय घड वाहशी? तू ते घड बी उलटा धरशी आनि बापनी अब्रू घालशी. माघारी जाय!"

मला राग आला. चांगलाच आला, कान तापले. आणि मग लक्षात आलं की राग फक्त मला आला आहे. पारावरून शेताकडे धावणाऱ्या चारशे माणसांना अक्का काय बोलली याचा पत्ताही नव्हता. घड उलटा धरणारा त्या सगळ्यांमध्ये मी एकटाच होतो. डोकं स्वच्छ झालं. मी घोटभर पाणी प्यालो, शिपायाबरोबर आत गेलो आणि उरलेला पेपर लिहिला.

एक वाजता बाहेर आलो तेव्हा ती तिथेच होती. "लिखं?" तिने विचारलं. "लिखी टाकं," मी म्हणालो. तिने पिशवीतून ज्वारी-उडदाच्या कळण्याची भाकरी, ठेचा आणि स्वतःचा एक पापड काढला. पापड जाड होता, कडेला फाटलेला आणि मधे कच्चा. आईचं खरं होतं, पीठ सैलच होतं. मी सगळा खाल्ला.

निकाल लागला. शंभरपैकी बावन्न. मी घरी सांगायच्या आत गावात गुलाल उधळला गेला होता. "आपण पास झालो," असं जो तो एकमेकांना न बोलता सांगत होता. नानांना दुसरा प्रश्न आपण सोडवला असं आठवत होतं. पिठाच्या गिरणीवाल्याला टिपा आपणच लिहिल्या असं वाटत होतं. माझ्या गावात त्या दिवशी चारशे माणसं एकदम पदवीधर झाली आणि त्यांत चार पाळण्यातली होती.

सत्कार पारावर झाला. शाल एकच होती. ती आधी माझ्या खांद्यावर घातली, मग नानांच्या, मग गिरणीवाल्याच्या, आणि मग ती मागे मागे जात राहिली. मला बोलायला सांगितलं. समोर आई होती, वडील होते, सगळ्यांच्या मनातली माया माझ्या मनात भरून आली होती. अक्का तिच्या ओट्यावर उभी राहून लांबून बघत होती. मला ती स्पष्ट दिसत होती. मी म्हणालो, "ही पदवी माझी नाही. ही सगळ्या गावाची आहे." टाळ्या पडल्या. टाळ्या थांबल्या तेव्हा ओटा रिकामा होता आणि दार लावलेलं होतं.

तेवढ्यात मागून एक जण तोंडाने बोलला. मेळ लागल्यापासून सभेत माझ्याखेरीज कोणी मोठ्याने बोललं नव्हतं, त्यामुळे सगळे दचकले. तो म्हणाला, "बावन्न आपण मिळवले. मग बाकीचे अठ्ठेचाळीस घालवले कोणी?"

सगळ्यांना एकदम तोच दिवस आठवला. लाईट आली म्हणून सगळं गाव ऊर फुटेस्तोवर शेतात धावलं होतं. शेतात वीज नव्हतीच. संध्याकाळपर्यंत नव्हती. मग लाईट आली असं आधी कोणाच्या मनात आलं? चारशे माणसं एकमेकांच्या मनात शोधू लागली. सापडेना. याचा अर्थ कोणीतरी लपवत होतं, आणि मेळातही लपवता येतं हे गावाला त्या क्षणी कळलं. गिरणीवाला नानांकडे बघायला लागला. नाना म्हणाले, "माझ्याकडे काय बघतो? तुझंच लक्ष सदा लाईटीकडे." शाल कोणाच्या तरी हातात फाटली. रात्रीपर्यंत निम्मं गाव उरलेल्या निम्म्याशी बोलेनासं झालं, ओट्याओट्यांवर कुजबुज सुरू झाली, कोणीतरी जाऊन सार्वजनिक नळ बंद केला, आणि गाव ठणठणीत बरं झालं.

याला आता बरीच वर्षं झाली. मी धुळ्यात एका कनिष्ठ महाविद्यालयात अर्थशास्त्र शिकवतो. मागणीचा नियम शिकवताना अजून जरा चाचरतो. वडील थकले, पण मुकादमाला त्यांनी माझं नाव पुन्हा सांगितलं नाही. गेल्या महिन्यात गावाहून फोन आला की वेशीवर कमान उभी राहते आहे. 'एकमनाने पदवी मिळवणारे गाव' असं तिच्यावर लिहायचं ठरलं आहे, आणि मजकूर तपासून द्यायला व उद्घाटनाला मी यावं. लाईटीचा विचार आधी कोणाचा, यावरून नाना आणि गिरणीवाला अजून बोलत नाहीत. कमानीवर मात्र दोघांचं एकमत झालं आहे.

मी मजकूर तपासून पाठवला नाही. अक्काकडे फोन नाही. तिला पत्र पाठवलं. त्याची नक्कल माझ्याकडे आहे, ती अशी.

अक्का, पाया पडतो.

तुला वाचता येत नाही आणि हे पत्र तुला कोणीतरी वाचून दाखवणार, हे मला माहीत आहे. जो वाचत असेल त्याला माझी हात जोडून विनंती आहे की त्याने तुझ्या ओट्यावर बसून, पाराकडे तोंड करून, मोठ्याने वाचावं आणि एकही ओळ गाळू नये.

सत्काराच्या दिवशी मी पारावर खोटं बोललो. ती पदवी गावाची नव्हती. गावाने माझ्यासाठी तीन तास काम बंद ठेवलं, त्याचे उपकार मी विसरणार नाही. पण मला वाचायला पाट तू दिलास, पुस्तकात काय लिहिलं आहे ते तू विचारलंस, आणि फाटकातून मला तू परत पाठवलंस. तू नसतीस तर मी त्या दिवशी चालत सावद्याला आलो असतो. हे मी तेव्हाच बोलायला हवं होतं. समोर सगळे होते आणि तू एकटी होतीस, म्हणून बोललो नाही. दुसरं कारण नाही.

आणखी एक गोष्ट. लाईट आली हा विचार नानांचा नव्हता आणि गिरणीवाल्यांचाही नव्हता. तो माझा होता. हॉलमधले पंखे बंद पडून सुरू झाले, आणि माझ्या मनात आलं, लाईट आली. गाव माझ्यामुळे धावलं. पारावर सगळे शोधत होते तेव्हा मी तो विचार लपवून ठेवला. लपवायला जमलं, कारण महिनाभर तुझ्या घरात बसून एकट्याने विचार करायची सवय झाली होती. म्हणजे मेळ मोडला तो माझ्यामुळे, आणि थोडा तुझ्यामुळे. त्या तीन तासांत सर्वस्वी माझा म्हणता येईल असा एकच विचार होता, अक्का, आणि तो मोटरचा होता. आमच्याकडे मोटर नसताना. नाना आणि गिरणीवाले हे ऐकत असतील तर त्यांनी आता एकमेकांशी बोलावं. अठ्ठेचाळीस मार्क माझे मीच घालवले.

आईला मी वेगळं सांगितलं आहे. ती म्हणते, मनात तर आहेच, बोलायचं कशाला. मी म्हणालो, अक्का तोंडाने ऐकल्याशिवाय मानत नाही. पापड सुरू झाले की ती तुझ्याकडे येईल. आली तर तिला पाट दे. पिठाबद्दल ती काही बोलली तर मनावर घेऊ नकोस. मी तो पापड खाल्ला आहे आणि पीठ सैलच असतं.

कमानीच्या कार्यक्रमाला मी येणार आहे. एस.टी.तून वेशीबाहेर उतरेन आणि शेताच्या वाटेने तुझ्या मागच्या दाराला येईन. दार उघडं ठेव. मला मनातून काही कळवू नकोस, काय बोलायचं ते तोंडावर बोल.

तुझा,
घड उलटा धरणारा